संगणक मिळाले, पण ड्रायव्हर कुणाच्या हातात?

मागच्या पावसाळ्यात चिकलठाण्याच्या आमच्या वस्तीतल्या विहारात सहा संगणक आले. एमआयडीसीतल्या एका कंपनीने ऑफिसातली मशीन बदलली आणि जुनी आमच्या अभ्यासिकेला दिली. बाबासाहेबांच्या प्रतिमेला हार घातला, वंदना झाली, फोटो निघाले, फोटो ग्रुपवर गेले. इंटरनेटचे कनेक्शन आम्ही वर्गणी काढून आधीच घेतले होते. राउटर भिंतीवर लुकलुकत होता. म्हणजे खोलीत संगणक होते, खोलीत इंटरनेटही होते, आणि तरी एकाही संगणकावर इंटरनेट नव्हते.

कंपनीने हार्ड डिस्क कोऱ्या करून दिल्या होत्या, ते योग्यच होते. ओळखीच्या एका पोराने मशीन जुनी म्हणून त्यात विंडोज सेव्हन टाकले. स्क्रीन लागली, माऊस हलला, पण नेट लागेना. केबल बदलून पाहिली, राउटर बंद-चालू करून पाहिला. शेवटी दुरुस्तीवाल्याला बोलावले. त्याने दोन मिनिटांत 'डिव्हाइस मॅनेजर' उघडून पिवळ्या त्रिकोणातले उद्गारचिन्ह दाखवले.

"मॅडम, मशीन ठीक आहे. नेटवर्कचा ड्रायव्हर नाहीये. मशीनमागे पाचशे पडतील."

"ड्रायव्हर आणणार कुठून?"

"नेटवरून."

"पण नेटच तर चालत नाही!"

तो हसला. "म्हणूनच तर पाचशे."

सहा मशीनचे तीन हजार. तेवढे पैसे त्या दिवशी अभ्यासिकेच्या डब्यात नव्हते. दुसऱ्या दिवशी महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज भरायची शेवटची तारीख होती. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला असलेली वस्तीतली एक मुलगी दाखल्यांची पिशवी घेऊन संध्याकाळपासून त्या सहा संगणकांसमोर बसली होती. रात्री नऊला ती आईला सोबत घेऊन जालना रोडवरच्या नेट कॅफेत गेली आणि दीडशे रुपये देऊन अर्ज भरून आली. मुदत नंतर वाढली, तो भाग वेगळा. पण त्या रात्री सहा संगणक असलेल्या अभ्यासिकेतून तिला बाहेर जावे लागले, ही गोष्ट माझ्या मनातून जात नाही. हा लेख त्यासाठीच आहे.

मित्रांनो, मी समाजशास्त्राची विद्यार्थिनी आहे, इंजिनिअर नाही. पण या एका फाइलने मला आपल्या 'डिजिटल समते'च्या गप्पांकडे नव्याने पाहायला लावले. म्हणून आधी ही फाइल काय आहे ते समजून घेऊ.

संगणकात जिथे केबल खोचतो, तिथे आत एक चिप असते. तेच नेटवर्क कार्ड. ती चिप कुठल्या कंपनीची, तिला सूचना कशा द्यायच्या, हे विंडोजला किंवा लिनक्सला आपोआप कळत नाही. ते सांगणारा प्रोग्राम म्हणजे ड्रायव्हर. विंडोजमध्ये ड्रायव्हरच्या फाइलीच्या नावाशेवटी 'सिस' असते आणि कुठल्या चिपला कुठला ड्रायव्हर लावायचा, हे लिहिलेली 'आयएनएफ' नावाची साध्या मजकुराची फाइल तिच्यासोबत येते. पण आपला ब्राउझर थेट ड्रायव्हरशी बोलत नाही. मध्ये लायब्ररी फाइलींचा एक थर असतो. विंडोजमध्ये त्यांना डीएलएल म्हणतात, लिनक्समध्ये त्यांच्या नावात 'एसओ' असते. जोडणी उघडणे, माहिती पाठवणे, आलेली माहिती घेणे, अशी रोजची कामे प्रत्येक प्रोग्रामने नव्याने लिहू नयेत, एकाच सामाईक साठ्यातून वापरावीत, म्हणून ही लायब्ररी. तिसरी गोष्ट फर्मवेअरची. वाय-फायच्या बऱ्याच कार्डांना चालू होतानाच आपल्या पोटात एक वेगळा छोटा प्रोग्राम भरून घ्यावा लागतो. ड्रायव्हर, लायब्ररी आणि लागत असेल तिथे फर्मवेअर, यांतले एक जरी नसले तरी चांगले कार्ड, चांगली केबल आणि भरलेले बिल, सगळे फुकट.

हा मधला थर कुणाच्या नजरेस पडत नाही. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला विंडोज ३.१ मध्ये इंटरनेटशी बोलणारा थर मुळात बसवलेलाच नव्हता. ऑस्ट्रेलियातल्या टास्मानिया बेटावर पीटर टॅटम यांनी 'ट्रम्पेट विनसॉक' लिहिले. त्यातल्या विनसॉक डीएलएलच्या आधाराने जगभरातल्या असंख्य लोकांनी पहिल्यांदा इंटरनेट पाहिले. वापरून पाहा आणि आवडले तर पैसे द्या, असा तो प्रोग्राम होता. मासिकांनी तो चकत्यांवर वाटला, इंटरनेट पुरवणाऱ्यांनी गिऱ्हाइकांना दिला, आणि बहुतेकांनी पैसे दिलेच नाहीत. विंडोज ९५ मध्ये हा थर आतच आला आणि टॅटम यांचे नाव लोक विसरले. ज्याच्या कामावर सगळ्यांची ये-जा चालते त्याचे नाव कुणाला माहीत नसते, हा अनुभव आपल्या समाजाला नवा नाही.

आता मूळ मुद्द्यावर येते. आपल्याकडे डिजिटल विषमतेची चर्चा दोनच गोष्टींवर होते: किती जणांकडे मोबाइल-संगणक आहे, आणि किती गावांत इंटरनेट पोचले आहे. वस्तू मोजायची, कनेक्शन मोजायचे आणि समता आली असे जाहीर करायचे. आमच्या अभ्यासिकेत दोन्ही होते. कुणी सर्वेक्षणाला आले असते तर आमच्या नावापुढे दोन्ही रकान्यांत 'आहे' लिहून गेले असते. पण वस्तू आणि कनेक्शन यांच्यामधली वाट बंद होती, आणि ती उघडायची किल्ली दुसऱ्याच्या खिशात होती.

आंबेडकरी माणसाला हे चटकन समजायला हवे. १९२३ साली मुंबई कायदेमंडळात बोले ठराव मंजूर झाला, सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले झाले. १९२४ साली महाड नगरपालिकेने चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला. कागदावर तळे खुले होते, तळ्यात पाणीही होते. पण माणूस आणि पाणी यांच्यामधली वाट बंदच होती. ती २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांना आणि हजारो लोकांना स्वतः चालत जाऊन उघडावी लागली. कुणी म्हणेल, ताई, कुठे महाडचा सत्याग्रह आणि कुठे तुमची फाइल! मान्य. महाडला माणुसकीच नाकारली गेली होती, लोकांनी मार खाल्ला होता. त्या अपमानाची तुलना फाइल न सापडण्याशी करण्याचा उद्धटपणा मी करणार नाही. मी महाडकडून फक्त एक पद्धत शिकते: 'हक्क दिला' असे कुणी सांगितले की तो हक्क हातात पडेपर्यंतची वाट तपासायची. ठराव वाचून घरी परतायचे नाही.

मग ही वाट बंद कोण ठेवते? इथे सावध राहू या. आमच्या वस्तीत आलेला दुरुस्तीवाला शत्रू नाही. तो शेजारच्या वस्तीतलाच, दहावी झालेला पोरगा. दुकानात झाडू मारत मारत शिकला. त्याच्याकडे जे चार ड्रायव्हर पेन ड्राइव्हमध्ये आहेत, तेच त्याचे भांडवल. त्याने पाचशे मागितले तर त्यात गुन्हा नाही. प्रश्न त्याच्या वरच्या मजल्यावरचा आहे.

१९८० च्या सुमारास अमेरिकेतल्या एमआयटीच्या प्रयोगशाळेत झेरॉक्स कंपनीने एक लेझर प्रिंटर दिला होता. कागद अडकला की जुना प्रिंटर लोकांना कळवत असे, कारण तिथल्या रिचर्ड स्टॉलमन यांनी त्याच्या प्रोग्राममध्ये तशी सोय केली होती. नव्या प्रिंटरचा मूळ कोड मात्र कंपनीने दिला नाही. तो कोड असलेल्या दुसऱ्या विद्यापीठातल्या एकाकडे स्टॉलमन गेले, तर त्याने गुप्ततेच्या करारावर सही केली असल्याचे सांगून नकार दिला. यंत्र दिले, पण ते समजून घेण्याचा अधिकार दिला नाही. या नकाराचा स्टॉलमन यांच्यावर मोठा परिणाम झाला. १९८३ साली त्यांनी 'ग्नू' प्रकल्प जाहीर केला, आणि पुढे १९८९ साली जीपीएल हा परवाना आला. त्याची अट साधी आहे: हा कोड घ्या, वापरा, बदला, पण बदललेला कोड दुसऱ्याला द्याल तेव्हा त्यालाही तेच अधिकार द्या. आपल्या भाषेत सांगायचे तर पाणवठ्यावर तुम्ही आलात, पाणी घेतलेत, आता मागून येणाऱ्याला अडवायचे नाही.

नेटवर्क कार्डांच्या बाबतीत ही लढाई फार स्पष्ट दिसते. १९९१ साली लिनस टॉरवाल्ड्स या फिनलंडमधल्या विद्यार्थ्याने लिनक्स सुरू केले, तेव्हा कार्ड बनवणाऱ्या कंपन्या लिनक्ससाठी ड्रायव्हर लिहून देत नव्हत्या. डोनाल्ड बेकर यांच्यासारख्यांनी एकेका कार्डासाठी ते लिहिले. ब्रॉडकॉमच्या वाय-फाय चिपची माहिती कंपनी देत नव्हती, तेव्हा काही कार्यकर्त्या प्रोग्रामरांनी कंपनीचा ड्रायव्हर चिपशी काय बोलतो हे स्वतः शोधून काढून आपला ड्रायव्हर तयार केला. तो २००६ साली लिनक्समध्ये आला. २०१० साली ब्रॉडकॉमने स्वतःच काही चिपसाठी खुला ड्रायव्हर दिला. २००३ साली लिंक्सिस कंपनीच्या घरगुती राउटरमध्ये लिनक्सचा कोड असल्याचे लोकांनी शोधले आणि जीपीएलच्या अटीवर बोट ठेवले. कंपनीला तो कोड खुला करावा लागला, आणि त्यातून 'ओपनडब्ल्यूआरटी' उभे राहिले. राउटर स्वतःच्या मर्जीप्रमाणे चालवण्यासाठी ते आजही वापरले जाते.

ही कुलपे कुणाच्या कृपेने उघडली नाहीत. अभ्यास केलेल्या आणि एकमेकांना धरून राहिलेल्या लोकांनी ती उघडली. शिका आणि संघटित व्हा, हे आपण भिंतीवर लिहितो. तिकडे तेच लोकांनी कोडमध्ये करून दाखवले.

तरीही मुक्त सॉफ्टवेअरचा जयजयकार करून मी थांबणार नाही. 'मुक्त' म्हणजे आपोआप 'समतेचे' नव्हे. फुकटात कोड लिहायला फुकटचा वेळ लागतो. दिवसभर डिलिव्हरीची गाडी चालवणाऱ्या किंवा कंपनीत तीन पाळ्या फिरणाऱ्या पोराकडे तो नसतो. सगळी माहिती इंग्रजीत. प्रश्न विचारायला गेलात तर आधी अमुक वाचून या, असे उत्तर मिळते. कोड उघडा असला तरी तो वाचायला शिकवणारे कुणी नसेल, तर ग्रंथालयाचे दार उघडे आणि आपल्याला अक्षरओळख नाही, अशी गत होते. म्हणून कुलूप फोडणे हे निम्मे काम आहे. उरलेले निम्मे काम शिक्षणाचे आहे, आणि तिथे आपण स्वतःच कमी पडलो आहोत.

आपण आपल्या मुलांना संगणकाचे काय शिकवतो? टायपिंग, एमएस-सीआयटी, टॅली, डेटा एन्ट्री. सरकारी नोकरीच्या जाहिरातीत प्रमाणपत्र मागतात म्हणून ते घ्यायचे. यातले काहीही वाईट नाही, मीही तेच केले. पण हे सगळे स्क्रीनच्या वरच्या थराचे ज्ञान आहे. कुठे क्लिक करायचे ते कळते, क्लिक केल्यावर आत काय होते ते कळत नाही. बाबासाहेबांनी जातीचे विश्लेषण करताना कामाची विभागणी आणि काम करणाऱ्यांची उतरंडीने केलेली विभागणी यांत फरक केला. संगणकाच्या क्षेत्रातही उतरंड आहे. तळाला फॉर्म भरणारे, त्यावर दुरुस्तीवाले, त्यावर वेबसाइट बनवणारे, आणि सगळ्यात वर चिप, ड्रायव्हर, कर्नल लिहिणारे. वर-खाली काम असणे हा प्रश्न नाही. प्रश्न हा की आपल्या वस्तीतली मुले कायम पहिल्या दोन पायऱ्यांवरच का थांबतात, आणि तिसरी-चौथी पायरी आहे हे त्यांना कुणी सांगतच का नाही?

बाबासाहेबांना हा धोका फार आधी दिसला होता. १९४२ साली व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात असताना त्यांनी अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांचे एक निवेदन सरकारला दिले. त्यात कला आणि कायद्याच्या शिक्षणापेक्षा विज्ञान आणि तंत्रज्ञानाचे उच्च शिक्षण समाजाला अधिक उपयोगी पडेल, असे मांडून त्यासाठी शिष्यवृत्त्या मागितल्या. स्वतः अर्थशास्त्र आणि कायद्याचे एवढे मोठे पंडित असलेल्या माणसाने हे लिहिले, हे ध्यानात घ्या. आम्ही कला शाखेची मुले भाषणे चांगली करतो. माझ्यासह सगळ्यांनी हे वाक्य स्वतःला लावून पाहावे.

कुणाला वाटेल, ड्रायव्हर-लायब्ररी लिहिणे हे तैवान-अमेरिकेचे काम, आपला काय संबंध? संबंध इथलाच आहे. अमेरिका महासंगणक द्यायला खळखळ करू लागली, तेव्हा १९८८ साली पुण्यात सी-डॅक ही सरकारी संस्था सुरू झाली आणि विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली १९९१ साली 'परम ८०००' उभा राहिला. त्यामागची कल्पना अशी: एकच अवाढव्य यंत्र बांधायचे नाही, पुष्कळ छोटी यंत्रे जोडून त्यांच्याकडून एकत्र काम करून घ्यायचे. मग सगळी मदार जोडणीवर येते. म्हणून सी-डॅकने 'परमनेट' नावाचे स्वतःचे नेटवर्क हार्डवेअर विकसित केले आणि त्यावर चालणारे 'क्षिप्रा' नावाचे संदेशवहनाचे सॉफ्टवेअरही घरीच लिहिले. २००३ साली 'परम पद्म' जगातल्या पहिल्या पाचशे महासंगणकांच्या यादीत १७१ व्या क्रमांकावर आला, तो या जोडणीच्या बळावर. म्हणजे नेटवर्क कार्ड, त्याचा ड्रायव्हर आणि त्याची लायब्ररी, हे तिन्ही आपल्याच देशात, जनतेच्या पैशातून तयार झालेले आहे. पुण्यात सी-डॅकचे काम ज्या आवारात झाले त्या विद्यापीठाला आज सावित्रीबाई फुले यांचे नाव आहे. याच सी-डॅकने २००७ पासून 'बॉस' ही लिनक्सवर आधारलेली, भारतीय भाषांत चालणारी प्रणालीही दिली.

त्याहून जवळचे सांगते. चिकलठाण्यापासून बसने तासाभराच्या आत, नामांतरासाठी ज्या विद्यापीठाच्या नावावर आपल्या माणसांनी जीव दिले, त्या डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या आवारात नायलिट ही केंद्र सरकारची संस्था आहे. इलेक्ट्रॉनिक्सची रचना शिकवणे हे तिचे मूळ काम. चिपला सूचना कशा द्यायच्या, हार्डवेअर आणि सॉफ्टवेअर कुठे भेटतात, हे तिथे शिकवतात. १४ एप्रिलला आणि १४ जानेवारीला आपण विद्यापीठाच्या गेटवर हजारोंनी जातो. गेटला वंदन करून परत येतो. आतल्या त्या इमारतीत आपल्या वस्तीतली किती मुले गेली? आमच्या वस्तीतले उत्तर मला ठाऊक आहे: एकही नाही. मी इथे दहा वर्षे काम करते, आणि मीही आजवर कुणाला तिकडे पाठवले नव्हते.

आता दोन आक्षेप. पहिला: पोटाची मारामार असताना हे काय काढले? उत्तर सोपे आहे. शिष्यवृत्तीचा अर्ज, जातीचा दाखला, पडताळणी, भरतीचा फॉर्म, परीक्षेचे हॉल तिकीट, हे सगळे आता नेटवर आहे. पोटाकडे जाणारी वाटच तिथून जाते. दुसरा आक्षेप नव्या मुलांचा: एआय आहे की, ते सांगेल. सांगेल, चांगलेही सांगेल. पण ते नेटवरच असते. नेटवर्कचा ड्रायव्हर नसलेल्या संगणकावर एआयला विचारणार कसे? मोबाइलवर विचारलेत तरी काय विचारायचे आणि आलेल्या उत्तरातले खरे कोणते, हे कळायला मुळातली समज हवीच. आमच्याच एका पोराने 'अमुक डीएलएल सापडत नाही' असा संदेश पाहिला, मोबाइलवर ते नाव शोधले, भलत्याच साइटवरून फाइल उतरवून संगणकात टाकली, आणि स्क्रीन जाहिरातींनी भरून गेली. एकटी डीएलएल कुठल्याही साइटवरून उचलायची नसते, ती मूळ प्रोग्राम किंवा ड्रायव्हर पुन्हा बसवून मिळवायची असते, एवढे जरी त्याला माहीत असते तर मशीन वाचले असते.

आमचे संगणक शेवटी कसे चालू झाले, ते सांगते. बी.एस्सी.ला असलेली वस्तीतलीच एक मुलगी दोन दिवसांनी आली. म्हणाली, "ताई, मला एक तास द्या." तिने आपला मोबाइल यूएसबी केबलने संगणकाला लावला आणि मोबाइलचे नेट संगणकावर घेतले, कारण त्यासाठीचा ड्रायव्हर विंडोजमध्ये आधीच असतो. मग डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या पिवळ्या त्रिकोणावर जाऊन 'हार्डवेअर आयडी' वाचला. त्यात '१०ईसी' असे होते. हा रिअलटेक कंपनीचा क्रमांक. पुढचे '८१६८' हा चिपचा. कंपनीच्या अधिकृत साइटवरून ड्रायव्हर उतरला आणि पहिले मशीन चालू झाले. मग ती म्हणाली, विंडोज सेव्हनचे संरक्षण २०२० लाच संपले आहे, हे ठेवायचे कशाला? पेन ड्राइव्हवरून लिनक्स मिंट लावून पाहिले, तर कार्ड काहीही न करता ओळखले गेले. त्याचा ड्रायव्हर लिनक्समध्ये आधीपासून होता. सहाही मशीनवर तेच बसवले. दोन मशीनमध्ये केबलची जागा बिघडलेली होती. त्यांना लावलेले स्वस्तातले वाय-फाय डोंगल लिनक्सला ओळखता येईना. तिथे केबलचे जुने यूएसबी अडॅप्टर शोधून लावले. सगळे सुरळीत झाले असे नाही. पण कुठे काय अडले, ते आम्हाला सांगता येत होते. तीन हजार वाचले, त्यापेक्षा हे मोठे.

हे काम पुढे सगळीकडेच येणार आहे. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा आधार संपला. विंडोज ११ पुष्कळ जुन्या मशीनवर अधिकृतपणे बसत नाही. कंपन्या आणि कार्यालये जुनी मशीन काढणार, आणि त्यांतली काही दान म्हणून आपल्या विहारांत, वसतिगृहांत, अभ्यासिकांत येणार. ती आपल्याकडे येऊन चालणार की धूळ खाणार, हे आपल्या तयारीवर ठरेल. म्हणून कार्यकर्त्यांपुढे चार कामे ठेवते.

एक, प्रत्येक अभ्यासिकेत दोन पेन ड्राइव्ह ठेवा. एकावर लिनक्स, दुसऱ्यावर आपल्याकडच्या प्रत्येक मशीनचे नेटवर्क ड्रायव्हर. सोबत एक वही: मशीन क्रमांक, कार्डाचा हार्डवेअर आयडी, कुठला ड्रायव्हर चालला. जमाखर्चाची वही ठेवतो तशीच.

दोन, दान घेताना हार घालण्याआधी प्रश्न विचारा. मॉडेल कुठले, ड्रायव्हर मिळतो का, वाय-फाय कार्ड कुठले? नगरसेवक-आमदार निधीतून संगणक मागताना, नेटवर्क कार्ड लिनक्सवर चालणारे हवे, हे अर्जात लिहा. ही भीक नाही, जनतेचा पैसा आहे, अट घालायचा अधिकार आपला आहे.

तीन, रविवारी एक तास मशीन उघडून बसा. कार्ड काढा, लावा, आयडी वाचा, जमेल त्याने सी भाषा शिका. नायलिट, पॉलिटेक्निक, आयटीआय यांची प्रवेशाची माहिती विहाराच्या फळ्यावर लावा. त्या दुरुस्तीवाल्या पोरालाही बोलावा. तो आपल्याला शिकवेल, आणि पुढची पायरी त्यालाही दिसेल.

चार, मागणी करा. केरळने २००१ पासून शाळांमध्ये संगणक शिक्षणाचा सरकारी प्रकल्प चालवला आणि तो मुक्त सॉफ्टवेअरवर नेऊन शिक्षकांना तयार केले. महाराष्ट्रात का नाही? पुण्याच्या बार्टीने स्पर्धा परीक्षांइतकेच बळ हार्डवेअर, नेटवर्क आणि ड्रायव्हर या थराच्या प्रशिक्षणामागे लावावे, आणि तेही मराठीतून, अशी मागणी संघटनांनी लेखी करावी.

आता आमच्या अभ्यासिकेत सहाही संगणक चालतात. शिष्यवृत्तीचे अर्ज तिथेच भरले जातात. वहीच्या पहिल्या पानावर त्या बी.एस्सी.च्या मुलीच्या अक्षरात चिपचे क्रमांक आहेत. नेट कॅफेत गेलेली ती बी.ए.ची मुलगी परवा एका नव्या पोराला सांगत होती, "आधी आयडी वाच, मग शोध." तिला कुणी शिकवले ते मी विचारले नाही. नायलिटच्या माहितीचा कागद मी फळ्यावर लावला आहे, आणि तो वाचणाऱ्यांची नावे खाली लिहून घेते आहे. आजपर्यंत तीन आली आहेत.

जय भीम! नमो बुद्धाय!